सापडलेली रिळं आणि इतिहासाचा पुरावा: माहितीपटातलं जुनं चित्रण कशाची साक्ष देतं?

चौकट

मे १९४२ मध्ये नाझींचं एक चित्रपट पथक वॉर्सॉच्या ज्यू घेट्टोत, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवलेल्या वस्तीत, शिरलं आणि साधारण महिनाभर चित्रीकरण करून निघून गेलं. सिनेमा पुरा झालाच नाही. आवाज नाही, निवेदन नाही, श्रेयनामावली नाही. युद्धानंतर पूर्व जर्मनीतल्या संग्रहात मिळून तासाभराची चार रिळं सापडली, त्यांवर नाव होतं 'दास घेट्टो'. पुढे कित्येक वर्षं माहितीपटवाल्यांनी त्यातले तुकडे उचलले. फुटपाथवर पडलेलं प्रेत, भीक मागणारी मुलं, माणसांनी भरलेला रस्ता. घेट्टो कसा होता हे दाखवायला दुसरं फारसं काही हाताशी नव्हतंच.

१९९८ मध्ये आणखी एक रीळ हाती आलं. त्यात गाळलेले शॉट होते. तोच प्रसंग पुन्हा पुन्हा करवून घेतलेला दिसतो, काही ठिकाणी दुसराच कॅमेरामन चौकटीत येतो. श्रीमंत ज्यू मेजवान्या झोडतात आणि उपाशी ज्यूंकडे ढुंकूनही पाहत नाहीत, असं दाखवायला प्रसंग रचले होते. यासाठी घेट्टोच्या ज्यू परिषदेचे प्रमुख अ‍ॅडम चेर्निआकोव यांचं घरसुद्धा वापरलं गेलं. त्यांनी रोजनिशीत या चित्रीकरणाची नोंद केली आहे. जुलैमध्ये ट्रेब्लिंका या मृत्युछावणीकडे गाड्या सुटू लागल्या आणि दुसऱ्याच दिवशी त्यांनी आत्महत्या केली.

याएल हरसोन्स्की यांनी या रिळांवर २०१० मध्ये 'अ फिल्म अनफिनिश्ड' केला. घेट्टोतून वाचलेल्या म्हाताऱ्या माणसांना थिएटरात बसवून त्यांनी ही रिळं दाखवली. रोजनिशीतले उतारे आणि त्या पथकातल्या एका कॅमेरामनची साक्ष शेजारी ठेवली. तो पाहिल्यापासून एक गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. ते प्रेत खरं होतं, त्या मुलांची भूकही खरी होती. कॅमेऱ्याने जे टिपलं ते समोर होतंच. तरीही त्या चित्रणाचा हेतू खोटं सांगण्याचा होता. एकच शॉट पुरावाही आहे आणि अपप्रचारही, आणि दोन्ही वेगळे काढता येत नाहीत.

माझं म्हणणं असं: जुना शॉट वापरताना तो कुणी, कधी, कुणाच्या हुकमावरून घेतला हे प्रेक्षकाला सांगितलंच पाहिजे. न सांगता वापरला तर आपण त्या जर्मन पथकाच्या डोळ्यांनी घेट्टो पाहतो, आणि आपल्याला कळतही नाही. ज्यांनी असं काम केलं आहे, अभ्यासलं आहे किंवा नुसतं भरपूर पाहिलं आहे, त्या सगळ्यांनी लिहा.

---

मूकपट

चांगला धागा. वाचनखूण साठवली.

'द बॅटल ऑफ द सोम' हा १९१६ चा ब्रिटिश युद्धपट. जेफ्री मॅलिन्स आणि जे. बी. मॅकडॉवेल या दोघांनी चित्रण केलं. १ जुलैला लढाई सुरू झाली आणि ऑगस्टमध्ये सिनेमा थिएटरांत लागलासुद्धा. पहिल्या सहा आठवड्यांत सुमारे २ कोटी तिकिटं विकली गेली असं सांगतात. त्यातला सगळ्यात गाजलेला शॉट म्हणजे सैनिक खंदकातून वर चढतात आणि एक जण जागच्या जागी मागे घसरतो. पहिल्या महायुद्धावरचा माहितीपट असेल तर तो शॉट येणारच. तो आघाडीवरचा नाहीच, मागच्या भागातल्या मोर्टार प्रशिक्षण केंद्रावर मुद्दाम घडवून घेतलेला आहे. सैनिकांच्या अंगावरचं सामान पाहा, कॅमेरा कुठे ठेवलाय ते पाहा. खऱ्या हल्ल्यात तिथे उभा राहिलेला कॅमेरामन जिवंत राहिला नसता.

पण म्हणून अख्खा सिनेमा बाद होत नाही. सव्वा तासात असे रचलेले क्षण अगदी थोडे आहेत. जखमींना वाहून आणणारे, कैद्यांना सिगारेट देणारे, मेलेल्यांना पुरणारे, हे सगळं प्रत्यक्ष तिथलं आहे. युनेस्कोने २००५ मध्ये या सिनेमाची 'मेमरी ऑफ द वर्ल्ड' यादीत नोंद केली, ते योग्यच झालं. दुःख याचं की शंभर वर्षं आपण नेमका खोटा शॉट निवडून वापरतोय, कारण तो जास्त 'युद्धासारखा' दिसतो.

---

कात्री

मी संकलक आहे, तेव्हा टेबलाच्या या बाजूने लिहितो.

चौकट, तुमचं तत्त्व मान्य. काम मात्र तसं चालत नाही. निवेदनात वाक्य येतं, 'त्या रात्री शहर रिकामं झालं.' त्या रात्रीचं चित्रण कुणाकडेच नाही. असणार कसं, तेव्हाच्या फिल्मवर रात्रीच्या अंधारात काही उमटतच नसे. मग मी सात सेकंद काळा पडदा ठेवू का? मी त्याच काळातली, त्याच देशातली, गाठोडी घेऊन निघालेली माणसं लावतो. ती त्या रात्रीची नसतात, पण घर सोडून निघालेली माणसं अशीच दिसतात. यात मी कुणाला फसवलं असं मला वाटत नाही. निवेदन खरं आहे, चित्र त्याला आधार देतंय.

दुसरं, पैसा. जुन्या चित्रणाचे हक्क सेकंदाच्या हिशोबाने विकत घ्यावे लागतात, तेही ठरावीक मुदतीसाठी. अमेरिकेतल्या नागरी हक्क चळवळीवरची 'आइज ऑन द प्राइझ' ही मालिका १९८७ ची. तिच्यासारखं काम क्वचित होतं. तरी चित्रणाच्या आणि गाण्यांच्या हक्कांची मुदत संपली म्हणून ती बरीच वर्षं दाखवताच येत नव्हती. नव्याने हक्क घेतल्यावर २००६ मध्ये ती परत टीव्हीवर आली. अचूक शॉट महाग असतो आणि जवळपासचा स्वस्त मिळतो, तेव्हा निवड कशी होते ते प्रत्येक संकलकाला माहीत आहे. सत्यावर बोलताना हेही बोलायला हवं.

---

साक्षेप

कात्री, पैशांचा मुद्दा शंभर टक्के मान्य. पण 'माणसं अशीच दिसतात' या वाक्याशी माझं भांडण आहे, आणि ते जरा सविस्तर मांडते.

हॉलंडमधल्या वेस्टरबोर्क छावणीत १९४४ साली छावणीप्रमुखाच्या आदेशावरून चित्रीकरण झालं. कॅमेरा रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या ज्यू कैद्याच्या हातात होता. त्यात एक शॉट आहे. मालगाडीच्या डब्याचं दार अजून पुरतं लागलेलं नाही आणि फटीतून डोक्याला फडकं बांधलेली एक मुलगी बाहेर पाहते. काही सेकंद, बस्स. पुढची पन्नास वर्षं हा शॉट शेकडो ठिकाणी वापरला गेला. ज्यूंच्या संहाराचं प्रतीक म्हणून तो पुस्तकांत छापला गेला, माहितीपटांत लागला. मुलीचं नाव कुणालाच माहीत नव्हतं आणि त्याची गरजही कुणाला वाटली नाही, कारण ती 'अशीच दिसणारी' ज्यू मुलगी होती.

१९९४ मध्ये आद वाखेनार या डच पत्रकाराने तिचा माग काढला. ती सेत्तेला स्टाइनबाख, वय ९ वर्षं, आणि ती ज्यू नव्हती. ती सिंती होती, म्हणजे युरोपात ज्यांना 'जिप्सी' म्हणून हिणवत त्या समाजातली. ऑशविट्झमध्ये तिला मारलं. सिंती आणि रोमा लोकांच्या हत्याकांडाची दखल जगाने फार उशिरा घेतली. त्या सगळ्या काळात त्या हत्याकांडातला हा चेहरा आपल्या डोळ्यांसमोर होता आणि आपण त्यावर दुसरंच लेबल लावून बसलो होतो. कुणाचाही हेतू वाईट नव्हता. निवेदनातलं वाक्यही खरंच होतं. तरी एका समाजाचं मरण दुसऱ्याच्या मरणाखाली झाकलं गेलं. 'प्रातिनिधिक' शॉटची ही किंमत आहे.

याच रिळात हातगाडीवरून नेलेली एक आजारी बाई दिसते. तिच्या सुटकेसवर नाव आणि जन्मतारीख रंगवलेली आहे. चित्र थांबवून ती अक्षरं वाचली, नोंदवहीशी ताडली, तेव्हा गाडी १९ मे १९४४ ची हे पक्कं झालं. इतकी वर्षं ती अक्षरं पडद्यावरच होती, वाचायला कुणी थांबलं नव्हतं.

---

कात्री

साक्षेप, हे उदाहरण मला माहीत नव्हतं. आतून हललो, खरंच. पण तुमचा शॉट चुकीच्या नावाने गेला, माझा शॉट तर कुठलंच नाव घेत नाही. गर्दी ती गर्दी.

---

साक्षेप

त्या गर्दीतल्या प्रत्येकाला नाव होतं की हो. आणि ती गर्दी कुठल्यातरी खऱ्या दिवशी, खऱ्या कारणाने निघाली होती. तुम्ही तिला दुसऱ्या गावाच्या दुःखात उभं केलंत, म्हणजे तिचं स्वतःचं दुःख पुसलं. शिवाय पुढचा माहितीपटवाला तुमच्या सिनेमातूनच तो शॉट उचलणार, आणि आता तो 'त्या रात्रीचा' म्हणूनच ओळखला जाणार.

---

मूकपट

+१. पेत्रोग्राडच्या विंटर पॅलेसचं, म्हणजे रशियन क्रांतीत बोल्शेविकांनी ताब्यात घेतलेल्या राजवाड्याचं, हेच झालं. १९१७ च्या त्या रात्री घडलं ते मर्यादित होतं आणि त्याचं चित्रण नाही. १९२० मध्ये निकोलाई येवरेइनोव्ह यांनी त्याच चौकात हजारोंच्या जमावासह त्याचं भव्य नाट्य केलं. पुढे दहाव्या वर्धापनदिनासाठी आयझेनस्टाइन यांनी 'ऑक्टोबर' हा सिनेमा काढला. या दोन्हींतली चित्रं नंतर इतिहासाच्या पुस्तकांत खुद्द क्रांतीची छायाचित्रं म्हणून छापली गेली. स्टालिनग्राडला वेढा पूर्ण करून सोव्हिएत सैन्याच्या दोन तुकड्या बर्फात एकमेकींना भेटतात, मिठ्या मारतात, तो प्रसिद्ध शॉटही नंतर कॅमेऱ्यासाठी पुन्हा घडवलेला आहे.

---

दस्तऐवज

मी चित्रपट संग्रहात काम करते. शॉट ओळखायचा कसा, याबद्दल थोडं.

डब्यावरच्या लेबलवर कधीही विसंबू नये. डबे बदलतात, लेबलं निघतात, कुणीतरी आठवणीवरून नवीन लिहितं. त्यापेक्षा फिल्मची कड बोलते. कोडॅक फिल्मच्या कडेवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशी चिन्हं छापत असे आणि त्यावरून फिल्म बनवल्याचं वर्ष कळतं. मात्र दर २० वर्षांनी तीच चिन्हं पुन्हा येतात, म्हणून फिल्म नायट्रेट (जुनी, पटकन पेटणारी) आहे की सेफ्टी (सहज न पेटणारी), छिद्रांचा आकार कसा आहे, हेही पाहावं लागतं. आणखी एक गुंता: निगेटिव्हवरून प्रत काढली की मूळ कडेवरची चिन्हं प्रतीवरही छापली जातात. मग हे चिन्ह मूळ फिल्मचं की प्रतीच्या फिल्मचं ते ओळखायला अनुभव लागतो. आणि चिन्ह फक्त फिल्म बनल्याचं वर्ष सांगतं, शॉट कधी घेतला ते नाही. जुनी शिल्लक फिल्म लोक वर्षं-दोन वर्षं सहज वापरत.

त्यानंतर चित्राच्या आत शिरायचं. गाड्यांच्या नंबरपाट्या, दुकानांच्या पाट्या, गणवेशावरचे बिल्ले, झाडांना पानं आहेत की नाहीत, सावली कुठल्या बाजूला पडली आहे. पुरुषांच्या कोटाची बटणं उलट्या बाजूला दिसली तर शॉट उलटा छापलाय असं समजा. पूर्वी संकलक हे सर्रास करत. शत्रू एका बाजूने यायला हवा आणि आपले दुसऱ्या, म्हणून सैन्य आरशातल्यासारखं उलटवायचं. कॅमेरामनने रिळाबरोबर पाठवलेला कागद मिळाला, ज्याला आम्ही डोप शीट म्हणतो, तर सोनंच. तारीख, जागा, काय घेतलं, सगळं त्यावर असतं. तोही कॅमेरामनच्या समजुतीनुसार लिहिलेला असतो हे लक्षात ठेवायचं.

आणि एक गोष्ट इथे कुणी लिहिली नाही म्हणून लिहिते. आपल्याकडे जे उरलंय ते कुणी विचारपूर्वक निवडून ठेवलेलं नाही. कॅनडाच्या युकॉनमधल्या डॉसन सिटीत १९७८ साली जमिनीखालून ५३३ नायट्रेट रिळं निघाली. १९२९ मध्ये पोहण्याचा जुना तलाव बुजवताना ती भर म्हणून टाकली होती. बर्फाळ जमिनीत पुरली गेली म्हणून टिकली. तशीच बाहेर राहिली असती तर जळाली किंवा सडली असती. बिल मॉरिसन यांनी २०१६ मध्ये त्यावर 'डॉसन सिटी: फ्रोझन टाइम' केला. तेव्हा 'चित्रण नाही म्हणजे फारसं काही घडलं नसेल' असं मनात आलं की मी स्वतःला थांबवते. ज्यांच्याकडे कॅमेरा होता त्यांनी घेतलं, त्यातलं आगीतून आणि ओलीतून वाचलं ते आमच्या कपाटात आहे.

---

अंधारखोली

थोडं वेगळं म्हणणं आहे. असं चित्रण वापरूच नये, अशीही एक ठाम बाजू आहे. क्लोद लान्झमान यांच्या १९८५ च्या 'शोआ' या ज्यूंच्या संहारावरच्या माहितीपटात नऊ तासांहून जास्त वेळात जुन्या चित्रणाची एकही फ्रेम नाही. वाचलेले, शेजारी राहणारे, गुन्हेगार, एवढेच बोलतात आणि आजची जागा दिसते. घेट्टोतली ती माणसं कॅमेऱ्यापुढे स्वेच्छेने आली नव्हती. त्यांना बळजबरीने उभं केलं, काहींना विवस्त्र करून. तो शॉट आपण पुन्हा दाखवतो तेव्हा ती बळजबरी पुन्हा होते, खाली कितीही माहिती लिहिली तरी. मला हे पूर्ण पटतं असं नाही, पण चौकट, तुमच्या 'स्रोत सांगा म्हणजे झालं' या मांडणीत हा प्रश्न सुटत नाही.

दुसऱ्या बाजूने, ऑशविट्झमधल्या कैद्यांनी ऑगस्ट १९४४ मध्ये जिवावर उदार होऊन चोरून काढलेली चार छायाचित्रं आहेत. प्रेतं जाळण्याच्या कामावर जुंपलेल्या कैद्यांनी ती काढली. त्यातल्या दोन छायाचित्रांत कडेने काळाकुट्ट भाग आहे, कारण छायाचित्रकार दाराच्या आत अंधारात लपला होता. वर्षानुवर्षं ती छापताना तो काळा भाग कापून टाकला गेला. 'मुख्य विषय' नीट दिसावा म्हणून. पण कॅमेरा धरणारा कुठे उभा होता आणि त्याला किती धोका होता, याचा पुरावा त्या काळ्या भागातच होता. छायाचित्र खोटं केलं नाही कुणी, नुसतं कापलं. मला वाटतं माहितीपटातला शॉट चार सेकंदांवर आणतो तेव्हा आपणही हेच करतो.

---

साक्षेप

अंधारखोली, शेवटचा मुद्दा फार मोलाचा. त्याला जोडून.

एप्रिल १९४५ मध्ये बर्गन-बेल्सन छावणीत ब्रिटिश सैन्याने चित्रण केलं. त्यावर सिनेमा करायचं सिडनी बर्नस्टाइन यांच्याकडे आलं आणि त्यांनी सल्ल्यासाठी आल्फ्रेड हिचकॉकना बोलावलं. हिचकॉकचा आग्रह होता की लांबलचक शॉट ठेवा, मध्ये कापू नका. कॅमेरा तिथे आणलेल्या गावातल्या प्रतिष्ठितांवरून फिरत न तुटता प्रेतांवर जायला हवा, नाहीतर उद्या कुणी म्हणेल दोन वेगळ्या ठिकाणची चित्रं जोडली आहेत. ज्याची सगळी कारकीर्द कात्रीच्या कौशल्यावर उभी होती, त्याने इथे कात्री बाजूला ठेवायला सांगितलं. तो सिनेमा तेव्हा अर्धवट राहिला. लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियमने तो २०१४ मध्ये पुरा केला.

१९४५ मध्येच २९ नोव्हेंबरला नाझी नेत्यांवरच्या न्युरेंबर्ग खटल्यात छावण्यांवरचा अमेरिकी चित्रपट पुरावा म्हणून दाखवला गेला. सुरुवातीलाच शपथपत्रं पडद्यावर येतात. एक दिग्दर्शक जॉर्ज स्टीव्हन्स यांचं, आणि एक रे केलॉग या नौदल अधिकाऱ्याचं. युद्धाआधी केलॉग हॉलिवूडमध्ये स्पेशल इफेक्ट्सचं काम करत. म्हणजे चित्र बनावट कसं करतात हे ज्याला ठाऊक, त्यानेच मूळ निगेटिव्हं तपासून लिहून दिलं की यात फेरफार नाही. कात्री, तुम्ही म्हणाल प्रेक्षक विचारत नाही. न्यायालयाने विचारलं होतं, आणि उत्तर द्यायला माणसं तयार होती.

---

नाद

ध्वनीवर कुणीच बोललं नाही, म्हणून लिहितोय. दोन्ही महायुद्धांतलं आघाडीवरचं बहुतेक चित्रण मुकं आहे. तुम्ही माहितीपटात जो रणगाड्याचा खडखडाट ऐकता तो स्टुडिओत घातलेला असतो. चित्राबद्दल दहा प्रश्न विचारणारा प्रेक्षक आवाज मात्र मुकाट्याने मान्य करतो.

सर्गेई लोझनित्सा यांचा लेनिनग्राडच्या वेढ्यावरचा 'ब्लॉकेड' (२००५) जरूर पाहा. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, संगीत जवळपास नाही. नुसतं जुनं मुकं चित्रण आणि त्यावर रचलेले आवाज: बर्फावरची पावलं, ट्राम, घसरगाडी ओढल्याचा घासटा. घसरगाडीवर प्रेत आहे हे डोळ्यांना नंतर कळतं, कानाला आधी. हे आवाज शंभर टक्के बनवलेले आहेत. मी त्याला खोटं म्हणायला तयार नाही, पण तो पुरावाही नाही. पीटर जॅक्सन यांच्या 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड'मध्ये (२०१८) तर ओठ वाचणारे तज्ज्ञ बसवून सैनिक काय बोलतायत ते शोधलं आणि कलाकारांकडून बोलवून घेतलं. रंग भरले. हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्यामुळे कमी-जास्त झालेला वेग सारखा केला.

वेग सुधारणं मला शंभर टक्के पटतं. मुक्या काळातली माणसं तुरुतुरु पळताना दाखवणं हाच मोठा अन्याय होता, ती तशी चालत नव्हती. रंगाबद्दल मन अडखळतं. गवत हिरवं होतं हे नक्की, पण नेमकं किती हिरवं हे कुणीतरी आज ठरवलंय.

---

भटकी

१९३८ साली डेव्हिड कुर्ट्झ नावाचे एक अमेरिकी गृहस्थ सहलीला गेले असताना पोलंडमधल्या नाशेल्स्क गावात त्यांनी हौसेने थोडं चित्रण केलं. त्यात गावचे लोक कॅमेऱ्याभोवती गर्दी करतात, पोरं उड्या मारतात. ७० वर्षांनी नातवाला ते रीळ घरातल्या कपाटात सापडलं. बियांका श्टिख्टर यांनी २०२१ मध्ये त्यावर 'थ्री मिनिट्स: अ लेंग्थनिंग' केला. तासाभराहून मोठा आहे आणि पडद्यावर त्या तीन-साडेतीन मिनिटांपलीकडे दुसरं चित्र नाही. तेच पुढे, मागे, थांबवून, एकेक चेहरा मोठा करून. दुकानाच्या पुसट पाटीवरून मालकाचं नाव शोधायची धडपड आहे. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी त्यात स्वतःला ओळखलं, तेव्हाचा १३ वर्षांचा मुलगा. पुढच्या चार-पाच वर्षांत त्या गर्दीतली बहुतेक माणसं मारली गेली.

कात्री, काळ्या पडद्याची भीती वाटते म्हणालात. हा सिनेमा दाखवतो की शॉट कमी असले तर आहे तोच जास्त वेळ पाहता येतो.

अवांतर: ए. के. चेट्टियार यांनी गांधीजींवर १९४० मध्ये तमिळ माहितीपट केला, त्यासाठी देशोदेशी फिरून ठिकठिकाणच्या संग्रहांतलं चित्रण त्यांनी जमवलं होतं. गांधीजी हयात असतानाची ही खटपट. त्यावर कुणीतरी वेगळा धागा काढा, मी वाट पाहते.

---

कात्री

सगळे प्रतिसाद दोनदा वाचले. माझा एक आक्षेप अजून शिल्लक आहे. तुम्ही सगळे स्रोत सांगा म्हणता. समजा मी प्रत्येक शॉटच्या कोपऱ्यात साल आणि जागा लिहिली. अर्थ तरी स्थिर होतो का? क्रिस मार्कर यांनी १९५७ च्या 'लेटर फ्रॉम सायबेरिया'मध्ये याकुत्स्कचा एकच रस्ता तीनदा दाखवला. तीच बस, तेच रस्त्याचं काम करणारे मजूर. एकदा निवेदन सोव्हिएत राजवटीची स्तुती करतं, एकदा निंदा, एकदा तटस्थ राहतं. तिन्ही वेळा जागा आणि साल अचूक, तरी तीन वेगळी शहरं दिसतात. फ्रँक काप्रा यांनी 'व्हाय वुई फाइट' या युद्धकाळातल्या अमेरिकी प्रचारमालिकेत नाझींचंच प्रचारचित्रण नाझींविरुद्ध वापरलं. लेबल बरोबर असूनही दिशा संकलकच देतो. मग कोपऱ्यातली अक्षरं ही फक्त सजावट होऊन बसतील, अशी मला भीती आहे.

तरी एवढं करायला मी तयार आहे: जिथे वाक्य एका ठरावीक प्रसंगाबद्दल आहे, तिथे दुसऱ्या प्रसंगाचं चित्र लावणार नाही. निवेदन बदलायला सांगेन. 'त्या रात्री शहर रिकामं झालं' ऐवजी 'त्या रात्रीचं चित्रण नाही, हे दोन वर्षांनंतरचं आहे' असं लिहून द्या म्हणेन. लेखकाला आवडणार नाही, पण प्रेक्षकाला त्या दोन वर्षांचं अंतर कळलं तर सिनेमा कमकुवत होत नाही, असं आता वाटतंय.

---

चौकट

कात्री, तुमच्या मार्करच्या मुद्द्याला माझ्याकडे पुरं उत्तर नाही. साल आणि जागा लिहून अर्थ ठरत नाही हे खरंच. पण त्याशिवाय प्रेक्षकाला तुमच्याशी वादही घालता येत नाही. हारुन फारोकी यांनी वेस्टरबोर्कच्याच रिळांवर २००७ मध्ये 'रेस्पिट' केला. मुकाच ठेवला, शॉटच्या मध्ये फक्त पाट्या. आधी शॉट दाखवतात, पाटीवर एक वाचन देतात, मग तोच शॉट परत दाखवून दुसरं. छावणीतली माणसं हसतायत, काम करतायत, हे छावणीप्रमुखाला दाखवायचं होतं म्हणून आहे की कैद्यांना 'आम्ही उपयोगाचे आहोत, आम्हाला गाडीत घालू नका' हे सांगायचं होतं म्हणून? निर्णय पाहणाऱ्यावर सोडलाय. लेबल सजावट होऊ नये यासाठी एवढाच मार्ग मला दिसतो, शॉटला पुन्हा पाहायची संधी देणं.

अंधारखोली, तुमचा आक्षेप मी खोडू शकत नाही. विवस्त्र करून घेतलेलं चित्रण मी स्वतः वापरणार नाही, स्रोत सांगूनही नाही.

आणि नवी काळजी. आता संगणकाला सांगून कुठल्याही सालचं 'जुनं' चित्रण बनवता येतं, ओरखडे आणि धूळ यांसकट. अमेरिकेतल्या आर्काइव्हल प्रोड्युसर्स अलायन्स या संघटनेने २०२४ मध्ये माहितीपटांत असं बनवलेलं चित्र वापरण्याबद्दल मार्गदर्शक तत्त्वं काढली, त्यांचा मुख्य भर प्रेक्षकापासून काही न लपवण्यावर आहे. दस्तऐवज, संग्रहाच्या बाजूने याकडे कसं पाहता?

---

दस्तऐवज

धास्तीने. बनवलेला शॉट एका सिनेमात लेबलसकट आला तर ठीक. त्याचा तुकडा लेबल कापून इंटरनेटवर फिरतो आणि पाच वर्षांनी कुणीतरी तो 'सापडलेलं दुर्मीळ चित्रण' म्हणून आमच्याकडे आणून देतं. सोमच्या खंदकाचा शॉट निदान फिल्मवर होता. त्याला कड होती, निगेटिव्ह होतं, तपासायला काहीतरी हातात होतं. यापुढे मूळ फिल्म जपणं पूर्वीपेक्षा जास्त गरजेचं झालंय. डिजिटल प्रत झाली की रीळ फेकून द्या म्हणणारे कारभारी असतात, त्यांच्याशी भांडायला हेच कारण पुरेसं आहे.

उलट अनुभवही सांगते, चित्रणाने संशय दूर केल्याचा. दुसऱ्या महायुद्धात इवो जिमा या जपानी बेटावर अमेरिकी सैनिक झेंडा रोवतानाचं ते प्रसिद्ध छायाचित्र मुद्दाम उभं करून घेतल्याचा आरोप वर्षानुवर्षं होता. शेजारीच उभ्या असलेल्या बिल जेनॉस्ट या सैनिकाने तोच क्षण रंगीत फिल्मवर घेतला होता, आणि त्यात सगळं एका दमात घडताना दिसतं. थोड्याच दिवसांत तो त्याच बेटावर मारला गेला. छायाचित्र खरं ठरलं. तरी त्यातल्या सहा जणांपैकी काहींची नावं चुकीची होती, २०१६ आणि २०१९ मध्ये अमेरिकी मरीन दलाला ती दुरुस्त करावी लागली.

---

मूकपट

हे सगळं मूळ स्वरूपात पाहायला कुठे मिळेल? तुकडे नकोत, पूर्ण रीळ हवं आहे.

---

दस्तऐवज

ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये सुमारे ८५,००० वृत्तपट यूट्यूबवर टाकले, तिथून सुरुवात करा. इम्पीरियल वॉर म्युझियमच्या संकेतस्थळावर बरंच आहे आणि बहुतेकांना शॉटगणिक वर्णनही जोडलेलं आहे. आधी वर्णन वाचू नका. आवाज बंद करून एकदा सलग पाहा, काय दिसतं ते कागदावर लिहा, मग वर्णन उघडा. आणि वृत्तपटाबरोबर न वापरलेले शॉट ठेवले असतील तर ते आधी मागा. 'दास घेट्टो'चं खरं रूप त्यातूनच बाहेर आलं.